दारू सोडाचा सिनेमा अन् माहं तोंड

सिनेमाच्या लाइनीत मी जेवढी हयात काढली तेवढी आख्ख्या वर्धा जिल्ह्यात कोणी काढली नसन. आता ते सिनेमे कंपोस्ट खताचे, नारूचे, देवीच्या लशीचे अन् गव्हावरच्या तांबेऱ्याचे होते, अन् माहं काम पडद्याचे बांबू गाडाचं होतं, हे कोणी विचारत नाई म्हणून मी सांगत नाई.

शाळेत मी गेलतो, पण छपराचे कवेलू फेराले. म्हणून हे जे छापून राह्यलं ते मी बोललो अन् सुनेनं लिहून घेतलं. सून सेलूले मास्तरीण हाये. तिनं माहे 'न' अन् 'य' काढून तठी 'ण' अन् 'ळ' बसवले, म्हणे दिवाळी अंक बाहेरगावचे लोकही वाचतेत. बाकीच्या भाषेले मी हात लावू देला नाई. अंकवाल्यायनं सांगतलं होतं, "आजोबा, नोकरीतल्या गमती सांगा." मी म्हटलं, लोकायच्या का माह्या? ते म्हणे, कोणाच्याही. तर माह्याच सांगतो. साठा तोच मोठा हाये.

तवा नागपूर राजधानी होती. सरकारची एक प्रचाराची गाडी होती अन् तिच्यात आम्ही तिघं. पाठक साहेब म्हणजे प्रचार अधिकारी, रहीमचाचा ड्रायव्हर, अन् मी. कागदावर मी खलाशी होतो. समुद्र मी आजपावेतो पाह्यला नाई, समुद्रपूर तेवढं पाह्यलं.

काम सोपं होतं. दिवस बुडाच्या आंधी गावात पोचाचं. मारुतीपुढं नाईतर बाजाराच्या जागेवर दोन बांबू गाडाचे अन् पडदा ताणाचा. जनरेटर दूर नेऊन ठेवाचा, नाईतर गावाले सिनेमा कमी अन् फटफट जास्त ऐकू येते. पहिले मशीन साहेब चालवत. मंग साहेबाची पाठ दुखाले लागली, मालगुजाराच्या घरचा चहा लांबाले लागला, अन् मशीन माह्याकडं आलं. फिल्म तुटली की ब्लेडनं खरवडाची, सिमेंट लावाचं, फुंकर माराची अन् दाबून धराची. घराचं सिमेंट नाई, फिल्मचं वेगळं येते, शिशीत. एकदा अंधारात मी नारूच्या सिनेमाचं तुटलेलं टोक कंपोस्टाच्या सिनेमाले जोडून देलं. पडद्यावर डॉक्टरनं एका माणसाच्या पायातून नारू काढला अन् लगेच त्याच्यावर दोन घमेली शेण पडलं. लोकायनं माना डोलावल्या. त्याईले वाटलं विलाजच हाये. दुसऱ्या दिवशी साहेबाले वापस जाऊन गावाची समजूत काढा लागली.

पडद्याच्या समोर माणसं बसत अन् मागून बाया. तसा रिवाजच होता, आम्ही काई केला नव्हता. पडदा पातळ, चित्र दोन्हीकून दिसे. मागून फक्त सारं उलटं दिसे, उजवा हात डावा होये. बायाईची काई तक्रार नव्हती. त्या म्हणत, मागून बरं दिसते, समोर बिड्याचा धूर लय राह्यते.

आता खरी अडचण. सिनेमा बोले इंग्रजीत, नाईतर रेडिओवरच्या जड हिंदीत. म्हणून सिनेमाचा आवाज बारीक कराचा अन् माइकवरून मराठीत सांगाचं. साहेब सांगत तवा असे शब्द येत की पुढचे पोट्टे झोपत अन् मागचे म्हातारे उठून जात. एक दिवस साहेबाचा घसा बसला. म्हणे, "आज तू बोल." मी बोललो. तव्हापासून साहेबाचा घसा कधी बरा झालाच नाई.

साहेबाचं एकच सांगणं राहे, "लोकांना जवळचं वाटलं पाहिजे." मले ते पटलं. पंजाबातला गहू दिसला की मी म्हणो, हे पाहा आर्वीकडचं वावर. मद्रासकडची विहीर दिसली की म्हणो, हे हिंगणघाटच्या पल्याडची विहीर. लोक खूश. पंजाब म्हटलं तर कास्तकार म्हणते, तठी होत असन बाप्पा, आपल्या काळ्या मातीत नाई जमत. आर्वी म्हटलं की त्याच्या पोटात दुखते अन् तो काई तरी करते. साहेबालेही ते माहीत होतं. ते मान हलवत अन् चहा पेत.

मंग एक दिवस नागपूरहून दारूचा सिनेमा आला.

आपल्या जिल्ह्यात तवा दारूबंदी होती. म्हणजे दारू बंद नव्हती, दुकान बंद होतं. मोहाची नाल्याच्या कडेनं निघत होती, रात्री गावात येत होती, अन् पिणारा पहिलेपेक्षा घाईनं पेत होता. असा तो टाइम. सिनेमा छोटाच, दोन रिळाचा. कोट घालून हापिसात जाणारा एक माणूस. तो पेते, पडते, नोकरी जाते. बायको त्याले एका मोठ्या दवाखान्यात नेते. तठी त्याचं पिणं बंद करतेत. मंग त्याचे हात लटलट कापतेत, तो खाटेवर तळमळते, सुया देतेत, डॉक्टर खांद्यावर हात ठेवून त्याच्याशी बोलते. शेवटी तो दाढी करून, कोट घालून कामावर जाते. आवाज सारा इंग्रजी. साहेबानं मले हापिसात एकदा दाखवला अन् अर्थ सांगतला, "माणूस पितो, आजारी पडतो, बरा होतो. समजलं?" मी म्हटलं, समजलं. एवढं तर मले आवाज बंद असता तरी समजलं असतं.

माइकवर मी त्या कोटवाल्याचं नाव ठेवलं गणपत. गणपत आपल्याच जिल्ह्याचा, शिकला, साहेब झाला अन् बिघडला. दवाखाना कुठला? आपल्या वर्ध्याचा. जवळचं वाटलं पाह्यजे ना. हात कापाचा देखावा आला की मी म्हणो, "पाहा, गणपतराव बिनपेटीची हार्मोनियम वाजवून राह्यले!" तठी अशी हासी पिके की जनरेटर ऐकू येत नसे. तळमळाचा देखावा आला की म्हणो, "खाटेत ढेकूण लय झाले बाप्पा, सरकारनं याचाही एक सिनेमा काढावा." आणखीन हासी.

अन् शेवटी लोकायची फर्माइश राहे, "वापस! वापस!" आमच्या मशीनले उलटं चालवाचा खटका होता. मी चालवो. गणपतराव कामाहून उलट्या पायानं दवाखान्यात जात, बरे होते ते बिमार होत, अन् मंग तोंडातून दारू निघून गिलासात, गिलासातून शिशीत. गाव लोळे. साहेबानं एकदा पाह्यलं तर कपाळाले हात लावला. "अरे, सरकारनं दारू सोडवायला सिनेमा काढला, तू शेवटी त्याला पुन्हा दारुडा करून घरी पाठवतोस!" मी म्हटलं, "पण साहेब, शिशी भरली ना."

तर असा मी कलावंत.

उन्हाळ्याचे दिवस होते. आम्ही समुद्रपूरकडच्या गावाईत आठवडाभर फिरून वर्ध्याले वापस आलो होतो. दुपारी मी गाडीखाली पोतं टाकून लेटलो होतो. रहीमचाचानं पायाले लाथ लावली.

"उठ बे. तेरे मेहमान आये हैं."

पाहातो तर फाटकापाशी एक बाई, डोक्यावर गठुडं, अन् तिच्या मागं एक माणूस, दोन्ही हात धोतराच्या सोग्यात गुंडाळलेले. उन्हात थंडी वाजून राह्यल्यासारखा.

बाई सरळ माह्याकडं आली. "तुम्हीच ना ते, सिनेमात बोलणारे?"

मले उलसाक फुगल्यासारखं झालं. म्हटलं, "होय माय, मीच."

"मंग चला. तो दवाखाना कुठी हाये?"

"कोणता?"

"गणपतरावचा."

रहीमचाचा तोंड फिरवून हासाले लागला. "अब बता. कहाँ है तेरा दवाखाना?"

बाईचं नाव चंद्रभागा. माणूस महादेव, त्याईच्या गावाचा सुतार. बैलबंडीची चाकं, वखर, तिफण, सारं त्याच्या हातचं. पाह्यजे तेवढा चांगला कारागीर, पण दोन वर्षांत हात असे झालते की सकाऊन मोहाची घेतल्याबिगर लाकूड तासाचा वाकस धरता येत नसे. घेतली की हात थांबे, पण मंग पेणं नाई थांबे. गावानं सांगून टाकलं होतं, पाऊस पडाच्या आंधी वखरं-तिफणी ठीक नाई झाल्या तर आम्ही दुसरा सुतार आणून बसवतो. दुसरा सुतार बसला की याईनं गाव सोडाचं, एवढा त्याचा अर्थ. पाऊस तर डोक्यावर आलता.

मी म्हटलं, "माय, तो सिनेमा हाये. सिनेमातलं..."

"सिनेमातलं खोटं राह्यते?"

आता सांगा, काय बोलाव? सरकारची गाडी मागं उभी. मी म्हटलं, "खोटं नाई. पण..."

"तुम्ही लोकायले हासवून राह्यलते तवा मी मागून पाहून राह्यलती. तो माणूस खाटेवर हात धरून बसते ना, तसाच रोज सकाऊन याईचा हात राह्यते. बाकीच्या बाया हासल्या. मी त्याईले म्हटलं, चूप बसा व, मले पाहू द्या." अन् मंग हळूच, जसं काई सोन्याचं सापडलं तसं, म्हणे, "अन् तो डावखोरा हाये. हेही डावखोरेच हायेत. ज्याचा विलाज त्यालेच लागू पडते."

गणपतराव उजव्या हाताचा होता. ती पडद्याच्या मागून पाहून राह्यलती.

महादेव तवा पहिल्यांदा बोलला. माह्याशी नाई, बायकोशी. "सरकारी गाडी हाये ना हे? पकडून देवाले आणलं तुनं मले. दारूबंदी हाये म्हटलं ना तुले!"

"पकडलं तर पकडलं," ती म्हणे. "जेलात तरी दारू मिळत नसन."

मी साहेबाकडं गेलो. त्याईले सारं सांगतलं. साहेबानं चष्मा काढला. "मी जवळचं वाटलं पाहिजे म्हटलं होतं. इतकं जवळचं नव्हतं म्हटलं."

"मंग आता काय करू साहेब?"

"आपलं काम दाखवण्याचं. दवाखाना आपल्या खात्यात येत नाही." अन् मंग म्हणे, "गाडी घेऊन जा. कोणी विचारलं तर बॅटरी तपासत होतो म्हणा."

गावाबाहेर एक दवाखाना होता, तठी नेलं. त्याचं नाव सांगून मले कोणाले वर चढवाचं नाई न् खाली उतरवाचं नाई. तठचे डॉक्टर जवान होते, घाईत होते. त्याईनं महादेवचा हात धरला, डोळ्याची पापणी खाली केली, जीभ पाह्यली. विचारलं, "शेवटची कधी घेतली?"

चंद्रभागाबाई म्हणे, "काल सांजीले. सकाऊन मी मडकं फोडलं."

डॉक्टरचं तोंड बदललं. "एकदम बंद? आणि मोटरीत बसवून आणलं?"

"सिनेमात तसंच दाखवलं ना. पहिले बंद करतेत, मंग हात कापते, मंग बरं होते."

"कुठल्या सिनेमात?"

तिनं माह्याकडं बोट केलं. डॉक्टरनं मले असं पाह्यलं की मी तठीच वजनाच्या काट्यावर जाऊन उभा राह्यलो, काई काम हाये असं दाखवाले.

डॉक्टर म्हणे, "दारूसाठी वेगळा वॉर्ड-बिर्ड इथे काही नाही. पण हा आता परत गेला तर रस्त्यात झटके येतील. ठेवून घेतो. माणसं कमी आहेत. ह्याला दोघांनी धरावं लागेल. कोण थांबतं?"

चंद्रभागाबाई तर होतीच. दुसरा कोण, हे विचारताना सारे माह्याचकडं पाहात होते. रहीमचाचा भी.

मी थांबलो. पुढच्या दौऱ्याले टाइम होता, म्हणून रोज दुपारी जाऊन बसो, सांजीपर्यंत. बाकीचा टाइम ती एकटी सांभाळे.

आता सिनेमात तो देखावा किती मोठा हाये? बिडी पेटवून दोन दम मारसान तेवढा. तठी तो सरलाच नाई. महादेवचे हात नाई, आख्खी खाट कापत होती, लोखंडी खाट, तिचे पाय फरशीवर खटखट वाजत. घामानं गादी ओली. त्याले झोपेचं एक औषध देत, त्याचा वास असा सडका की बाजूच्या खाटेवरचा म्हातारा म्हणे, हे पेण्यापरीस मोहाची पेली असती. दुसऱ्या दिवशी त्याले भिंतीवर मुंग्या दिसाले लागल्या. भिंत कोरी होती. मंग तो उठून बसला अन् दोन्ही हातानं चादर घासाले लागला. पुढं, मागं, पुढं, मागं. मधीच थांबून फुंकर मारे अन् बोटानं चाचपून पाहे.

मले समजेना. मी म्हटलं, "काय करून राह्यला हा?"

चंद्रभागाबाई म्हणे, "रंधा मारून राह्यले. ढलप्या उडवून राह्यले."

अन् मंग तिनं पदराचं टोक तोंडात धरलं. तव्हापावेतो ती रडली नव्हती.

डॉक्टर राउंडले आले. त्याईनं सांगतलं, "पिणं एकदम थांबलं की शरीर असं बंड करतं. ह्यातून पार झाला तर निम्मी लढाई. हे तुमच्या सिनेमात दाखवलं असेल."

"दाखवलं हाये ना डॉक्टरसाहेब," मी म्हटलं. "तठी लोक लय हासतेत."

"हसतात? का?"

मी म्हटलं, "काई माहीत नाई बा." बिनपेटीच्या हार्मोनियमचं मी काई काढलं नाई.

महादेव खाटेवरून उतराले पाहे, वाकस शोधाले. आम्ही धरलं की झटके. मले दुसरं काई येत नाई, बडबडच येते. म्हणून मी त्याच्यापुढं टोंगळे टेकून बसलो अन् गिऱ्हाइकासारखं बोललो, "सुतारदादा, माह्या बंडीचं चाक झालं काय?"

तो थांबला. माह्याकडं पाह्यलं. "कोणाची बंडी?"

"माहीच."

"तुहं चाक चौथ्यांदा आलं. अबे, तुले बंडी हाकता येत नाई. बैलाचा दोष नाई, चाकाचा दोष नाई. बसते तो बयताड हाये!"

आख्खा वॉर्ड हासला, डॉक्टरही. मी म्हटलं, "बरोबर हाये दादा. पण चाक?"

"उद्या येजो. आरे बसवाचे राह्यले. बस तठी, हात लावू नको."

अन् तो खाटेवर बसून रंधा माराले लागला, खाली उतरला नाई. रोज दुपारी मी असं बिनबंडीचं चाक मागो अन् रोज तो मले नवीन शिव्या देये. त्याले आराम पडला तो सुईनं अन् ग्लुकोजनं पडला. मी सांगो की माह्या बोलण्यानं पडला, तर डॉक्टर म्हणत, तुमचं बोलणं तो शुद्धीवर येऊनसुद्धा सहन करतो म्हणजे बराच बरा झाला.

मले एक गोष्ट मात्र बोचाले लागली. ही बाई आली म्हणून समजलं. मी आर्वीपासून समुद्रपूरपर्यंत गावोगाव "वर्ध्याचा दवाखाना, वर्ध्याचा दवाखाना" करत फिरलो. आणखीन कोणी निघालं असन. वर्ध्याच्या मोटरअड्ड्यावर उतरून कोणाले विचारलं असन, गणपतरावचा दवाखाना कुठी हाये? अन् लोक हासले असतीन, अन् ते वापस गेले असतीन. कोण ते मले माहीत नाई. आता माहीत होणारही नाई.

निघाच्या दिवशी महादेवले डॉक्टरनं सांगतलं, "गोळ्या दिल्यात. पण गोळी दारू सोडवत नाही. सकाळची वेळ सांभाळा. बाजारच्या दिवशी इथे येऊन तोंड दाखवून जात जा."

महादेव म्हणे, "सकाऊन हात कापला तर?"

"कापला तर थांबा. वाकस खाली ठेवा, थांबा. काम उशिरा करा."

तो गावाले गेला. पाऊस पडाच्या आंधी वखरं झाली, तिफणी झाल्या. रहीमचाचानं बाजारात ऐकून सांगतलं. दुसरा सुतार आला नाई. मी हापिसात मिशा पिळत फिरलो. साहेबालेही सांगतलं, आपल्या सिनेमानं एक माणूस सुधरला. साहेबानं नागपूरले तसं कळवलं भी.

अन् पोळ्याले महादेव पेला.

तान्ह्या पोळ्यासाठी त्यानं लेकरायचे लाकडाचे बैल केलते. लोक म्हणतेत, असे बैल त्या गावात कोणी पाह्यले नव्हते. साऱ्यायनं वाह वाह केली, अन् कोणी तरी म्हटलं, आजच्या दिवस घे, तुह्या हाताची पूजा हाये. त्यानं घेतली, अन् आठवडाभर घेतच राह्यला. चंद्रभागाबाईनं त्याले पुन्हा मोटरीत टाकलं अन् दवाखान्यात नेलं. या बारीले मडकं फोडलं नाई, डॉक्टरनं सांगतलं तशी थोडी पाजत आणली. मी हापिसाच्या फाटकात उभा होतो, त्या दिवशी मोटर आमच्यासमोरून गेली. ती माह्याकडं आलीच नाई. तिले आता पत्ता माहीत होता ना. मले पंधरवड्यानं डॉक्टरकडून समजलं. मी म्हटलं, "साहेब, मले बोलवाचं ना, चाक मागाले आलो असतो." डॉक्टर म्हणे, "ह्या वेळी गरज नव्हती. ह्या वेळी त्याला माहीत होतं की तो आजारी आहे."

मंग मी माइकवरचं एक वाक्य बदलवलं. दवाखान्याचा देखावा आला की म्हणो, "हा दवाखाना दूर मुंबईकडचा हाये. पण आपल्याकडं कोणाले जाचं असन तर सिनेमा सरल्यावर गाडीपाशी या, आम्ही रस्ता सांगतो." माणूस एकही येत नसे. गावासमोर उठून कोण येईन? येत त्या बाया, मी बांबू सोडत राहो तवा, पदर पुढं ओढून, दुसरंच काई विचारल्यासारखं करून. "भाऊ, हा बांबू कुठचा?" असं. मंग मी सांगो.

बाकी माह्या गमती चालूच होत्या. हार्मोनियमही चालू होती. काऊन, तर लोकायले पाह्यजे होती. फर्माइश येये. मनात काई बोचलं म्हणून माणूस टाळ्या सोडते काय?

हिवाळ्यात, कापूस निघाल्यावर, आमची गाडी महादेवच्या गावाले गेली. चावडीसमोर बंड्या उभ्या होत्या, कापसानं भरलेल्या. त्याईच्या चाकायकडं मी उगीच पाहात राह्यलो. महादेव स्वतः आला, माह्या हातातला बांबू घेतला अन् म्हणे, "असा नाई गाडत. लोळते तो." त्यानं पाचर ठोकली. त्या दिवशी पडदा पहिल्यांदा सरळ उभा राह्यला. मी त्याचे हात पाह्यले. उलसाक कापत होते, थंडीनं असन नाईतर कशानं. विचाराची हिंमत झाली नाई.

सिनेमा सुरू झाला. गणपतराव पेले, पडले, नोकरी गेली, लोक हासले. मंग खाट आली. हात कापाले लागले. हार्मोनियम माह्या जिभेवर आली होती, अगदी दाताले लागली होती. समोर पाह्यलं तर तिसऱ्या का चौथ्या रांगेत महादेव बसला होता, दोन्ही हात बगलेत दाबून. तो पडद्याकडं पाहातच नव्हता. बाजूच्या माणसायकडं पाहात होता, आता हे हासतीन म्हणून.

माह्या तोंडातून शब्दच निघाला नाई. माइक हातात, तोंड उघडं.

कोणी तरी ओरडलं, "अबे, मशीन बंद पडलं काय?"

दुसरा म्हणे, "मशीन चालू हाये, बोलणारा बंद पडला!"

शिटी वाजली. पोट्ट्यायनं खडे मारले. मंग हळूहळू तेही थांबलं. नुसता मशीनचा घरघर आवाज अन् पडद्यावर तो माणूस, खाटेची दांडी धरून. एवढा टाइम तो देखावा चालते हे मलेही माहीत नव्हतं, मी कधी तो पाह्यलाच नव्हता, मी तर बोलत राहो. समोर एका म्हाताऱ्यानं डोक्यावरचा पटका काढून मांडीवर ठेवला. महादेवनं बगलेतून हात काढले.

मंग गणपतरावनं दाढी केली अन् मलेही बोलाले आलं. मी सारी कसर भरून काढली. "वापस! वापस!" झालं, पण मी खटका दाबला नाई, म्हटलं आज मशीनची तब्येत बरी नाई.

सिनेमा सरला. मी मनात म्हटलं, आज तर साऱ्या गावासमोर मी चूप बसून दाखवलं, एवढं मोठं काम आपल्या हातून पहिल्यांदाच झालं, आता कोणी तरी काई तरी बोलनच. महादेव पाचर काढून राह्यला होता. पडद्याच्या मागून चंद्रभागाबाई आली, कडेवर कोणाचं तरी लेकरू झोपलेलं. मी तोंड साजरं करून उभा राह्यलो.

म्हटलं, "काऊन माय, कसा वाटला आज सिनेमा?"

"सिनेमा चांगला हाये," ती म्हणे. "तेवढ्या जागी चूप बसले ते बरं केलं. बाकीच्या जागी काय दुखते तुम्हाले? याईनं दारू सोडली, अन् तुमच्यानं तोंड बंद ठेवणं होत नाई!"